पातेल्यावरचं नाव

परवा वीकेंडला आईने मला माळा आवरायला जुंपलं. नव्या मॉड्युलर किचनच्या ट्रॉल्या येणार होत्या, त्यामुळे 'पितळेचं सगळं मोडीत' असा हुकूम निघाला होता. मीही लगेच कबूल! पितळ इंडक्शनवर तापत नाही, कल्हई नसेल तर आंबट पदार्थ कळकतात आणि कल्हईवाला आता शोधायचा कुठे? (पुण्याच्या तांबट आळीजवळ राहणाऱ्यांची गोष्ट वेगळी. आम्ही डोंबिवलीकर.)

एका पातेल्याच्या काठाखाली ठिपक्याठिपक्यांची अक्षरं दिसली. चिंच-मीठ लावून घासल्यावर ती वाचता आली. आधी 'कु.', मग एक नाव, मग आडनाव. आमच्या घरात या नावाचं कुणीच नाही! म्हटलं, कुठल्या तरी पंगतीत अदलाबदल झाली असणार. भांड्यांवर नावं घालायची ती त्यासाठीच ना? कार्य उरकलं की नाव बघून ज्याचं त्याला परत.

आजीला दाखवलं. तिने चष्मा न लावताच अक्षरांवरून बोट फिरवलं. "अगं, ही मी."

तिच्या आईने रुखवतासाठी एकेक भांडं जमवलं होतं, त्यातलं हे. लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीने नवं नाव लिहिलं गेलं. मग रेशनकार्ड, बँकेचं पासबुक, सगळीकडे तेच. मला आजीच्या बीपीच्या गोळीचं नाव पाठ आहे, तिची सिरियल किती वाजता लागते तेही. तिचं स्वतःचं नाव मात्र सत्ताविसाव्या वर्षी कळलं, तेही भंगारातून.

लग्नानंतर नाव बदलायचं की नाही, यावर आम्ही मैत्रिणी कॅन्टीनमध्ये लंच ब्रेकभर भांडतो. "तुला कुणी विचारलं होतं का गं?" मी विचारलं. आजी हसायलाच लागली. "सहा महिने हाक मारली तरी मी वळून बघत नसे. सासूबाईंना वाटलं, पोर बहिरी आहे!"

जुन्या नावाने हाक मारणारा तिचा शेवटचा भाऊही आता नाही. ते नाव इथे छापू का, म्हणून विचारलं, तर 'नको' म्हणाली.

पातेलं ट्रॉलीत मावत नाही. सध्या माझ्या टेबलावर आहे. चार्जर आणि हेडफोन त्यातच असतात. रविवारी मोडीचं पोतं बांधताना आणखी एक गंमत लक्षात आली. आईच्या रुखवतातला पितळी डबा त्यातून गायब होता. तो तिच्या कपाटात सापडला, साड्यांच्या मागे.