राउटरच्या पोटातील आज्ञावली

इंटरनेटची जोडणी घरभर वाटणारी राउटर नावाची पेटी तुम्ही पाहिलीच असेल. वस्तुतः ती एक छोटा संगणकच आहे. त्याने काय काम करायचे हे सांगणारी आज्ञावली पेटीतील फ्लॅश स्मृतीत साठवलेली असते. वीज गेली तरी ती पुसली जात नाही. या आज्ञावलीला फर्मवेअर म्हणतात.

फर्मवेअरमध्येही दोष राहतात. २०१८ साली व्हीपीएनफिल्टर या घातक आज्ञावलीने जगभरातील सुमारे ५ लाख राउटर आणि तत्सम साधनांत शिरकाव केल्याचे उघड झाले. दोष दुरुस्त करण्यासाठी निर्माते नव्या फर्मवेअरची फाइल प्रसिद्ध करतात. ती कशी निवडावी?

केवळ नाव पाहून नव्हे! लिंकसिसचा डब्ल्यूआरटी५४जी हा गाजलेला राउटर घ्या. त्याच्या चौथ्या आवृत्तीत ४ मेगाबाइट फ्लॅश स्मृती होती; २००५ च्या पाचव्या आवृत्तीत ती २ मेगाबाइटच उरली. नाव तेच, पण एकीची फाइल दुसरीला चालत नसे. म्हणून पेटीच्या तळाशी चिकटवलेल्या पट्टीवरील मॉडेल आणि आवृत्ती दोन्ही वाचावीत, आणि फाइल निर्मात्याच्याच संकेतस्थळावरून घ्यावी.

फाइल वाटेत बिघडली तर? पुष्कळ निर्माते फाइलीसोबत तिचा 'ठसा' देतात. एसएचए-२५६ या गणिती रीतीने कोणत्याही फाइलीपासून ६४ चिन्हांची एक ओळ मिळते. आपण काढलेला ठसा निर्मात्याच्या ठशाशी जुळला, की फाइल जशीच्या तशी पोचली असे समजावे. मात्र फाइल आणि ठसा दोन्ही एकाच अनोळखी ठिकाणचे असतील, तर या जुळण्याला अर्थ नाही. फाइल बदलणारा ठसाही बदलू शकतो.

नवे फर्मवेअर भरताना फ्लॅश स्मृतीतील जुना मजकूर आधी पुसला जातो, मग नवा लिहिला जातो. मध्येच वीज गेली तर जुने गेलेले आणि नवे अपुरे अशी स्थिती होते व राउटर सुरूच होत नाही. म्हणून काम संपेपर्यंत पेटी बंद करू नये.

आता एक प्रयोग. एका वाक्याची फाइल बनवून शिक्षकांच्या मदतीने तिचा एसएचए-२५६ ठसा काढा. मग वाक्यातील एकच अक्षर बदलून पुन्हा काढा. दोन्ही ओळी शेजारी ठेवा आणि किती चिन्हे बदलली ते मोजा!