तपकिरी बुटांची एक जोडी आणि आपले कपाट

तीन वर्षांपूर्वी आमच्या घरात दोन मुलाखती होत्या. एक मुलाची, एक मुलीची. मुलाच्या मुलाखतीच्या आठवडाभर आधी अब्बा स्वतः त्याला बाजारात घेऊन गेले आणि चामड्याचे चांगले बूट घेऊन आले. किंमत कोणी विचारली नाही. दोन महिन्यांनी मुलीची वेळ आली, तेव्हा आम्ही घरातल्या सगळ्या बायकांनी, म्हणजे अम्मी, भाभी, खाला, सगळ्यांनीच तिला एकच सल्ला दिला. "ईदची सोनेरी सँडल आहे ना, तीच घाल. बुरख्याखाली कोण बघतंय?"

ती सँडल घालून चिपळूणहून पुण्याला गेली. स्वारगेटला उतरून पुढे चालताना पट्टा तुटला. सेफ्टी पिन लावून ती आत गेली आणि पूर्ण वेळ पाय दाबून बसली. नोकरी मिळाली नाही. त्याचा दोष सँडलला देता येणार नाही. पण घरी आल्यावर ती जे म्हणाली ते आम्हाला लागले. "अम्मी, ते प्रश्न विचारत होते आणि माझं सगळं लक्ष पायाकडे होतं."

दुसऱ्या मुलाखतीआधी मात्र बूट घेतले. बंद, लेस नसलेले, रुंद आणि दीड इंच टाचेचे, किंमत १,८०० रुपये. तिच्या मापात काळे नव्हते म्हणून तपकिरी आले. घरी आल्याबरोबर अम्मीने डोक्याला हात लावला. "या रंगावर घालायला हिच्याकडे आहे काय? आता ड्रेसही नवे घ्यावे लागतील."

मग रविवारी दुपारी आम्ही कपाट उघडले. अट एकच ठेवली: नवे काही घ्यायचे नाही, जे आहे त्यातूनच जमवायचे. त्या दुपारी आणि नंतरच्या तीन वर्षांत जे उमगले, ते आमच्यासारख्या घरांना उपयोगी पडेल म्हणून इथे मांडत आहोत.

आधी रंग ओळखा

तपकिरी म्हणजे एकच रंग नव्हे. बाजारात साधारण तीन छटा मिळतात. फिकट बदामी, ज्याला दुकानदार टॅन म्हणतात. लालसर, विटेच्या जवळ जाणारी. आणि गडद चॉकलेटी किंवा कॉफी. टॅन उठून दिसतो, कॉफी शांत राहतो. पहिली आणि एकमेव जोडी घ्यायची असेल तर कॉफी किंवा चॉकलेटी घ्यावी. ती जास्त कपड्यांवर चालते आणि धुळीचे डागही त्यावर कमी दिसतात.

तपकिरी म्हणजे मुळात गडद केलेला नारिंगी. रंगचक्रात नारिंगीच्या समोर निळा येतो, म्हणून निळ्या कपड्यांशी तपकिरी बुटांची चांगली जोडी जमते. एवढे लक्षात ठेवले तरी अर्धे काम होते.

तपकिरी बूट कामाच्या ठिकाणी शोभत नाहीत, अशी समजूत आपल्याकडे जुनी आहे. ती इंग्रजांकडून आली. त्यांच्याकडे शहरातल्या कचेरीत काळे बूट आणि गावाकडे तपकिरी, असा पुरुषांचा रिवाज होता. आता तिकडेही तो फारसा कोणी पाळत नाही. आपल्याला तर हा रंग मुळीच परका नाही. बाभळीची साल आणि हिरडा वापरून कमावलेल्या कोल्हापुरी चपलेचा रंग तपकिरीच असतो.

कपाटातून काय निघाले

सगळे ड्रेस पलंगावर पसरले आणि बूट एकेका ड्रेसशेजारी ठेवून पाहिले. दिवसाच्या उजेडात, खिडकीजवळ. ट्यूबलाइटखाली तपकिरी रंग फसवतो.

पहिला निघाला गडद निळा कुर्ता. खाली मोतिया रंगाची सरळ पँट, घोट्यापर्यंत. वर मोतिया ओढणी किंवा हिजाब. मुलाखतीला तिने हेच घातले. यात भारी काहीच नव्हते, पण सगळे मिळून नीटनेटके दिसत होते.

दुसरा बॉटल ग्रीन. हिरवा आणि तपकिरी म्हणजे झाड आणि खोड, ते जमणारच. मेंदी रंगही चालतो. तिसरा मोहरीसारखा पिवळा, थंडीच्या दिवसांत फार छान दिसतो. चौथा फिकट गुलाबी, त्यावर चॉकलेटी बूट घातले की गुलाबीचा लहान मुलींसारखा भाव जातो. फिरोजी, आकाशी, पांढरा आणि राखाडी, हे सगळे चालले. खाकी किंवा बदामी ड्रेसवर मात्र बूट कपड्यापेक्षा स्पष्ट गडद हवेत. दोन्ही जवळपास एकाच छटेचे असले तर जुळवायला गेलो आणि चुकलो, असे वाटते.

मरूनपाशी आम्ही अडलो. लालसर तपकिरी आणि मरून एकमेकांशी भांडतात. आमचे बूट चॉकलेटी होते म्हणून निभावले. जरीकाम, टिकल्या, चकाकणारा साटिन, हे बाजूला काढले. निकाहाच्या दावतीला सँडलच बरी. सगळीकडे चालेल असे पादत्राण नसते, आणि ते शोधायचीही गरज नाही.

मोजले तेव्हा एकवीस ड्रेसपैकी चौदांवर बूट चालत होते. अम्मी काही बोलली नाही, चहा ठेवायला उठली.

काळा अबाया आणि तपकिरी बूट

हा प्रश्न आमच्या ओळखीच्या अनेक भगिनी विचारतात. काळ्यावर तपकिरी चालते का? चालते, पण तो रंग एकटा पडता कामा नये. पायात तपकिरी आणि बाकी सगळे काळे असेल तर घाईत दुसऱ्याचे बूट घालून निघाल्यासारखे दिसते. तोच रंग वर आणखी एका ठिकाणी आला की ते ठरवून केलेले वाटते. तपकिरी पर्स, घड्याळाचा पट्टा किंवा बदामी हिजाब, यांपैकी एकच पुरे. तिन्ही एकदम आले की जास्त होते.

अबाया गडद निळा, शेवाळी, राखाडी किंवा कॉफी रंगाचा असेल तर एवढाही विचार करावा लागत नाही. पुढचा अबाया शिवताना काळ्याऐवजी यांतला एखादा रंग घ्यावा, असे आम्ही सुचवू.

रंगापेक्षा लांबी महत्त्वाची. अबायाचे माप देताना पायात तेच बूट असावेत. दीड इंचाच्या टाचेने घेर तेवढाच वर जातो. चपलेवर माप दिले तर बुटांवर अबाया आखूड होतो, उंच टाचेवर माप दिले तर सपाट चपलेवर तो जमिनीवर लोळतो. पावसात असा लोळणारा घेर चिखल घेऊन घरी येतो, मग नमाजाआधी कपडे बदलण्याची धावपळ. जमिनीपासून बोटभर वर असलेला घेर सोयीचा.

ज्या भगिनी पायही झाकतात, त्यांना बंद बूट फार सोयीचे आहेत. मोजे बुटांच्या नव्हे, सलवारीच्या किंवा पँटच्या रंगाचे घ्यावेत. पाय सलग दिसतो.

सलवार, प्लाझो, साडी

बंद बुटांवर सरळ पँट किंवा सिगारेट पँट सर्वांत चांगली, घोट्यापाशी संपणारी. चुडीदारही चालतो. पतियाळा सलवारीचा घोळ बुटांवर पडला की पाय जड दिसतात. प्लाझो घालायचा तर तो बुटांच्या पुढच्या टोकापर्यंत यावा. मध्येच नडगीवर थांबलेला प्लाझो आणि बंद बूट, हे आम्हाला काही जमले नाही.

आमची भाभी शाळेत शिकवते, साडी नेसते. तिनेही नंतर तसेच बूट घेतले. सुती, हातमागाच्या आणि खणाच्या काठाच्या साड्यांवर ते शोभतात. बूट आधी घालावेत, साडी नंतर नेसावी, म्हणजे निऱ्यांची लांबी बरोबर येते. दिवसभर फळ्यापाशी उभे राहणाऱ्या पायांना चपलेपेक्षा बंद बूट बरे पडतात, असा तिचा अनुभव आहे.

दुकानात काय पाहावे

बूट संध्याकाळी घ्यावेत. दिवसभराच्या चालण्याने पाय किंचित सुजलेले असतात, तेच खरे माप. दोन्ही पायांत घालून चालून पाहावे. बहुतेकांचा एक पाय थोडा मोठा असतो, माप त्याचे धरावे. सर्वांत लांब बोटापुढे अंगठ्याच्या रुंदीच्या आसपास जागा हवी. "वापरून सैल होईल," असे दुकानदार सांगतो. चामडे रुंदीत थोडे सैल होते, लांबीत वाढत नाही. बोटे टेकत असतील तर जोडी परत ठेवावी.

टाच रुंद असावी. बारीक टाच बसच्या पायरीवर आणि गटाराच्या जाळीत दगा देते.

आपल्या घरांसाठी आणखी एक गोष्ट. काही बुटांचे आतले अस्तर डुकराच्या कातड्याचे असते. त्यावर केसांची छिद्रे तीन-तीनच्या गटात, त्रिकोणासारखी दिसतात. शंका आली तर दुकानदाराला स्पष्ट विचारावे, त्यात संकोच कसला. परदेशी पद्धतीच्या जोड्यांवर लहान चित्रांचे लेबल असते. पसरलेल्या कातड्याचे चित्र म्हणजे चामडे, जाळीचे म्हणजे कापड, आणि नुसता चौकट-इस्पिकातला चौकट म्हणजे इतर साहित्य. वरचा भाग, अस्तर आणि सोल यांची चित्रे वेगवेगळी असतात. कृत्रिम चामड्याचे बूट घेण्यातही गैर काही नाही. ते स्वस्त असतात आणि पाण्याला घाबरत नाहीत. पण त्यात घाम कोंडतो आणि वरचा थर एकदा सोलला की दुरुस्त होत नाही.

टिकवायचे कसे

चामड्याचे बूट रोज घालू नयेत. एक दिवस आड घातले तर आतला दमटपणा निघून जातो. ओले झाले तर आत वर्तमानपत्राचे बोळे भरून पंख्याखाली ठेवावेत. चुलीजवळ किंवा कडक उन्हात ठेवले की चामडे तडकते. खोबरेल तेल लावू नये, डाग पडतात. तपकिरी पॉलिश बुटांच्या छटेपेक्षा गडद घेऊ नये. खात्री नसेल तर रंगहीन पॉलिश बरे.

कोकणातल्या पावसात मात्र चामड्याने हार मानावी. जून ते सप्टेंबर आमचे बूट कापडी पिशवीत, आत कागद भरून, कपाटात असतात. प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवले तर बुरशी धरते. त्या चार महिन्यांत रबरी पादत्राणे.

टाचेचा रबर झिजला की लगेच मोच्याकडे न्यावे. उशीर झाला की टाचच खराब होते. प्रेषित मुहम्मद (स.) आपले पादत्राण स्वतः सांधत असत, हे आपण मुलांना सांगतो. मग दुरुस्त केलेले बूट घालण्यात कमीपणा कसला?

हिशेब आणि एक प्रश्न

पावसाळा आणि सुट्ट्या वगळून वर्षाचे पस्तीस आठवडे, आठवड्याला चार दिवस. तीन वर्षांत ४२० दिवस झाले. किंमत १,८०० आणि दुरुस्ती ३०० रुपये, म्हणजे दिवसाला पाच रुपये. ती सोनेरी सँडल ९०० रुपयांची होती आणि तीनदा घातली गेली. दर वेळेला तीनशे रुपये. उधळपट्टी कोणती होती, हे आता अम्मीच सगळ्यांना सांगते.

सहीह मुस्लिममधल्या एका हदीसचा आशय असा आहे. माणसाला आपले कपडे चांगले असावेत, पादत्राण चांगले असावे असे वाटते, हा गर्व आहे का, असे विचारले गेले. प्रेषितांनी (स.) तो गर्व मानला नाही. सत्य नाकारणे आणि लोकांना तुच्छ लेखणे याला त्यांनी गर्व म्हटले. त्यात पादत्राणाचा उल्लेख आहे, हे आम्हाला यानिमित्ताने पहिल्यांदाच नीट लक्षात आले.

मग प्रश्न उरतो तो आमच्याच घराचा. मुलाच्या बुटांना हिशेब लागला नाही आणि मुलीच्या बुटांना इतका का लागला? तिलाही तितकेच चालायचे होते, तितकेच उभे राहायचे होते. "कोण बघतंय" हे आम्ही म्हणालो, पण बूट दुसऱ्याने बघण्यासाठी नव्हतेच. तिचे लक्ष पायाकडे जाऊ नये, यासाठी होते.

दुसऱ्या मुलाखतीत तिला लोट्याच्या एका कंपनीत हिशेबाचे काम मिळाले. अजून तेच बूट घालून ती सकाळची बस पकडते. या वर्षी धाकटीची मुलाखत आहे. परवा मगरीबनंतर अब्बा तिला म्हणाले, "चल बेटा, दुकान बंद व्हायच्या आत जाऊन येऊ." निघताना अम्मीने तिच्या हातात कपाटातला निळा कुर्ता दिला. "हा घेऊन जा, याच्याशेजारी धरून बघ."