आद्य ख्रिस्ती धर्म आणि रोमन विद्या

आद्य ख्रिस्ती धर्म आणि रोमन विद्या : रोमन साम्राज्यात उदय पावलेल्या ख्रिस्ती धर्माचे, त्या साम्राज्यातील तत्त्वज्ञान, साहित्य, वक्तृत्वशास्त्र व शिक्षण यांच्याशी पहिल्या पाच-सहा शतकांत आलेले संबंध. हे संबंध निव्वळ विरोधाचे नव्हते, तसेच निव्वळ स्वीकाराचेही नव्हते. रोमन देवतांची उपासना ख्रिस्ती माणसाला सर्वथा वर्ज्य होती. परंतु त्याच देवतांच्या कथांनी भरलेले वाङ्मय शिकावे की टाकावे, या प्रश्नावर खुद्द ख्रिस्ती विचारवंतांत दीर्घकाळ वाद चालला. त्या वादाच्या निर्णयावर ख्रिस्ती धर्मशास्त्राची घडण आणि लॅटिन वाङ्मयाचे भवितव्य या दोन्ही गोष्टी अवलंबून होत्या.

पार्श्वभूमी : रोमन धर्मात मतांपेक्षा विधींना महत्त्व होते. देवतांना बळी व धूप अर्पण करणे हे नागरिकाचे कर्तव्य मानले जाई. सदाचार, सुख व मृत्यूचे भय यांसंबंधीचे मार्गदर्शन मात्र लोक तत्त्वज्ञांकडून घेत. त्यामुळे ख्रिस्ती प्रचारकांचा तात्त्विक संवाद मंदिरांतील पुजाऱ्यांपेक्षा स्टोइक, एपिक्यूरियन व प्लेटोवादी पंथांशी अधिक झाला. अथेन्समध्ये सेंट पॉलची एपिक्यूरियन व स्टोइक तत्त्वज्ञांशी गाठ पडल्याचा वृत्तांत नव्या करारात आहे. रोमन सुशिक्षितांना मात्र हा पंथ प्रारंभी तत्त्वज्ञान वाटला नाही. टॅसिटस व धाकटा प्लिनी या दोघांनीही दुसऱ्या शतकाच्या आरंभी त्याची गणना अंधश्रद्धेत केली. सेल्सस या प्लेटोवादी लेखकाने सु. १७८ मध्ये त्यावर सविस्तर टीका केली. ख्रिस्ती लोक विचार करण्यास नकार देतात व केवळ विश्वास ठेवावयास सांगतात, असा त्याचा आक्षेप होता.

समन्वयाची भूमिका : अशा आक्षेपांना उत्तर देणाऱ्या लेखकांना धर्मसमर्थक म्हणतात. त्यांपैकी जस्टिन (सु. १००–सु. १६५) हा अनेक तत्त्वज्ञांकडे शिकून अखेर ख्रिस्ती झाला, तथापि त्याने तत्त्वज्ञाचा पेहराव सोडला नाही. विश्वातील विवेकतत्त्व म्हणजे ‘लोगॉस’ ही संकल्पना त्याने स्टोइक व प्लेटोवादी विचारांतून घेतली आणि ख्रिस्त हाच तो लोगॉस होय, असे प्रतिपादिले. या विवेकाचे बीज सर्व मानवांत असल्यामुळे सॉक्रेटीससारख्या पूर्वसूरींनाही सत्याचा अंश लाभला होता, असे त्याचे मत होते. जस्टिनला रोममध्ये देहदंडाची शिक्षा देणारा नगराधिकारी रस्टिकस हा स्वतः स्टोइक तत्त्वज्ञ व सम्राट मार्कस ऑरीलियसचा गुरू होता. वैचारिक जवळीक असूनही, देवतांना बळी अर्पण करण्याच्या प्रश्नावर तडजोड शक्य नव्हती, हे या घटनेवरून दिसते.

ॲलेक्झांड्रियाच्या क्लेमेंटने (सु. १५०–सु. २१५) ग्रीकांना तत्त्वज्ञानाने ख्रिस्ताकडे येण्यास सिद्ध केले, असे मानले. ओरिजेनने (सु. १८५–सु. २५४) सेल्ससला मुद्देसूद उत्तर दिले. लॅटिनमध्ये मिन्यूशस फीलिक्सने ऑक्टेव्हियस हा संवाद सिसेरोच्या धर्तीवर रचला. ऑस्टियाच्या समुद्रकिनाऱ्यावर तीन सुशिक्षित मित्र धर्माविषयी चर्चा करतात, अशी त्याची मांडणी आहे.

विरोधाची भूमिका : कार्थेजचा टर्टलियन (सु. १६०–सु. २२०) हा तत्त्वज्ञानाचा कठोर टीकाकार. अथेन्स व जेरूसलेम यांचा परस्परांशी काय संबंध, हा त्याचा सवाल प्रसिद्ध आहे. सर्व पाखंडांचे मूळ तत्त्वज्ञानात आहे, अशी त्याची धारणा होती. परंतु आत्मा हा एक प्रकारे शरीररूप आहे हे त्याचे मत स्टोइकांचेच होते आणि त्याची युक्तिवादाची पद्धती रोमन वक्तृत्वशाळेत घडलेली होती. शिक्षणाच्या बाबतीत त्यालाही सवलत द्यावी लागली : ख्रिस्ती व्यक्तीने शिक्षकाचा व्यवसाय करू नये, परंतु विद्यार्थी म्हणून साहित्य शिकण्यास हरकत नाही, असे त्याने सांगितले. होमर किंवा व्हर्जिल यांच्याशिवाय भाषा शिकण्याचा दुसरा मार्ग उपलब्ध नव्हता, हे याचे कारण होय.

शाळेचा प्रश्न : कॉन्स्टंटीनच्या काळात ३१३ मध्ये ख्रिस्ती धर्माला उपासनेचे स्वातंत्र्य मिळाले, तरी शाळांतील पाठ्यग्रंथ बदलले नाहीत. पुन्हा जुन्या देवतांकडे वळलेल्या सम्राट ज्यूलियनने ३६२ मध्ये या वर्मावर बोट ठेवले. होमरच्या देवतांवर ज्यांचा विश्वास नाही त्यांनी होमर शिकविणे हा अप्रामाणिकपणा होय. त्यांनी आपल्या चर्चमध्ये जाऊन आपलेच ग्रंथ शिकवावेत, अशी त्याची भूमिका होती. रोममधील मेरिअस व्हिक्टोरिनस व अथेन्समधील प्रोहेरीशियस या नामांकित ख्रिस्ती अध्यापकांनी अध्यापन सोडले. अमिएनस मार्सेलिनस या इतिहासकाराने, तो ख्रिस्ती नसतानाही, हा आदेश निष्ठुर ठरविला. ज्यूलियन ३६३ मध्ये मरण पावला व लवकरच आदेश रद्द झाला. मात्र या प्रसंगाने एक गोष्ट स्पष्ट केली : अभिजात विद्या हा आपलाही वारसा आहे, असे सुशिक्षित ख्रिस्ती लोक आता मानू लागले होते.

तरीही मनातील द्वंद्व संपले नाही. आपण ख्रिस्ती नसून सिसेरोचे अनुयायी आहोत, असा आरोप स्वप्नात ईश्वराच्या न्यायासनापुढे आपल्यावर झाला, असे सेंट जेरोमने (सु. ३४७–४२०) ३८४ मधील एका पत्रात लिहिले. मिलानचा बिशप सेंट अँब्रोझ याने रोमच्या सिनेट-सभागृहातील विजयदेवीची वेदी पुन्हा बसविण्याची सिमाकसची विनंती त्याच वर्षी हाणून पाडली. आणि काही वर्षांनी धर्मगुरूंच्या कर्तव्यांवर ग्रंथ लिहिताना मात्र सिसेरोच्या कर्तव्यविषयक ग्रंथाचाच आराखडा स्वीकारला.

सेंट ऑगस्टीन : या वादाला स्थिर रूप दिले ते सेंट ऑगस्टीनने (३५४–४३०). सिसेरोचा हॉर्टेन्शियस हा आता लुप्त झालेला ग्रंथ वाचून वयाच्या एकोणिसाव्या वर्षी त्याला ज्ञानाची ओढ लागली. पुढे नव-प्लेटोमताच्या ग्रंथांमुळे ईश्वर अशरीरी आहे, ही कल्पना त्याला उमगली. मात्र ईश्वराने मानवदेह धारण केला, ही गोष्ट त्यांत आढळली नाही, असे त्याने कन्फेशन्समध्ये नमूद केले आहे. त्याच्या मते, ईजिप्तमधून निघताना इझ्राएली लोकांनी तेथील सोने बरोबर आणले, तद्वत अन्य धर्मीयांच्या विद्येतील सत्य व उपयुक्त भाग ख्रिस्ती लोकांनी घ्यावा व मूर्तिपूजा मागे ठेवावी. ४१० मध्ये गॉथ लोकांनी रोम लुटल्यानंतर लिहिलेल्या सिटी ऑफ गॉडमध्ये (४१३–२६) त्याने रोमन देवतांचे खंडन केले. पण त्यासाठी त्याला व्हॅरो, सिसेरो व व्हर्जिल यांचाच आधार घ्यावा लागला.

परिणाम : या संबंधांची दुसरी बाजूही आहे. थीओडोशियसने ३९१ मध्ये जुन्या उपासनेवर बंदी घातली. सुमारास ॲलेक्झांड्रियातील सेरापिस देवतेचे मंदिर उद्ध्वस्त झाले आणि ४१५ मध्ये त्याच नगरात हायपेशिया या विदुषीची ख्रिस्ती जमावाने हत्या केली. जस्टिनियनच्या कारकीर्दीत, ५२९ मध्ये, अथेन्समधील तत्त्वज्ञानाच्या अध्यापनावर बंदी आली. याउलट, सहाव्या शतकात कॅसिओडोरसने दक्षिण इटलीतील आपल्या मठात धर्मग्रंथांबरोबरच ऐहिक विद्यांच्या अभ्यासालाही स्थान दिले. पुढील शतकांत लॅटिन वाङ्मयाचा जो भाग टिकला, तो बहुतांशी मठांमधील नकलांमुळे. ज्या ग्रंथांची आवश्यकता टर्टलियनने नाइलाजाने मान्य केली होती, तेच ग्रंथ अशा रीतीने ख्रिस्ती लेखनिकांच्या हातून उत्तरकाळाला मिळाले.