कावळा, फांदी आणि चेन्नईचा पूर

ऑक्टोबर संपत आला की चेन्नईत दोन गोष्टी ठरलेल्या असतात : ईशान्य मोसमी पाऊस आणि त्याच्यामागोमाग येणारा वाद. पाणी चार-आठ दिवसांत ओसरते. वाद पुढच्या निवडणुकीपर्यंत पुरतो. प्रशासनात तीन दशकांहून अधिक काळ काढल्यावर माझे असे मत झाले आहे की, या शहराचे जेवढे नुकसान तुंबलेल्या नाल्यांनी केले, तेवढेच सदोष युक्तिवादांनीही केले. नाला कुठून न्यायचा, कोणाचे घर हलवायचे आणि कोणाचे राहू द्यायचे, हे अखेरीस कोणाचा युक्तिवाद मान्य होतो यावरच ठरते.

युक्तिवादातील दोष ओळखण्याची विद्या आपल्याला बाहेरून आणावी लागलेली नाही. न्यायसूत्रांनी चर्चेचे तीन प्रकार सांगितले : सत्य शोधण्यासाठी ‘वाद’, जिंकण्यासाठी ‘जल्प’ आणि स्वतःची बाजू न मांडता केवळ दुसऱ्याची खोडून काढण्यासाठी ‘वितंडा’. कारणासारखे दिसते पण कारण नसते, अशा विधानाला त्यांनी ‘हेत्वाभास’ असे नेमके नाव दिले. ‘मणिमेखलै’ या प्राचीन तमिळ महाकाव्याची नायिका चेन्नईशेजारच्या कांचीपुरमात आपल्या गुरूकडून तर्काचे नियम आणि त्यातील दोष शिकते. म्हणजे ज्या परिसरातून अडयार नदी वाहत येते, तिथेच ही विद्या काव्याचा विषय झाली होती. आज त्या नदीविषयी बोलताना मात्र आपण ती सोयीस्करपणे विसरतो.

२०१५चा पूर हे त्याचे ठळक उदाहरण. १ डिसेंबरच्या सकाळपासून चोवीस तासांत तांबरमला सुमारे ४९ सेंटीमीटर पाऊस पडला. त्या रात्री चेंबरमबाक्कम तलावातून २९,००० क्युसेक पाणी सोडण्यात आले. सैदापेट, कोट्टूरपुरम आणि अडयारकाठच्या इतर वस्त्या बुडाल्या. त्या हंगामात राज्यात शेकडो माणसे दगावली. लगेच तीन पक्ष उभे राहिले. पहिल्याने हवामान बदलाकडे बोट दाखवले. त्याच आठवड्यात पॅरिसची जागतिक परिषद सुरू झालेली असल्यामुळे त्याला श्रोतेही मिळाले. दुसऱ्याने तलावाचे दरवाजे उघडणाऱ्यांना धरले, तर तिसऱ्याने नदीकाठच्या अतिक्रमणांना.

तिन्ही कारणांचा विचार व्हायलाच हवा होता. दोष होता तो ‘एक कारण सिद्ध झाले की बाकीची निर्दोष सुटतात’ या गृहीतकात. पाऊस विक्रमी होता म्हणून विसर्गाचा निर्णय बरोबर ठरत नाही आणि विसर्ग चुकला म्हणून नदीपात्रातील बांधकामे क्षम्य होत नाहीत. अडयारला चेंबरमबाक्कमखेरीज अनेक लहान तलावांचे ओसंडलेले पाणी मिळते, हेही विसरून चालत नाही. मुंबईने २६ जुलै २००५ नंतर हेच अनुभवले. सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, तेव्हा प्लास्टिकच्या पिशव्यांवर खापर फोडणे सोपे होते. मिठी नदीच्या पात्रात आणि खारफुटीत कोणी, कोणाच्या परवानगीने भराव घातला, हे विचारणे अवघड होते.

हवामान बदलाच्या दाव्याची नंतर तपासणी झाली. आंतरराष्ट्रीय शास्त्रज्ञांच्या एका गटाने २०१६ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात त्या विशिष्ट पावसावर मानवनिर्मित तापमानवाढीचा परिणाम आढळला नाही. यावरून काहींनी ‘हवामान बदल हे थोतांड आहे’ असा निष्कर्ष काढला. हा दुसरा हेत्वाभास. एका घटनेत परिणाम दिसला नाही, एवढ्याने तो कुठेच नाही असे होत नाही. तापलेली हवा अधिक बाष्प धरते, हे भौतिकशास्त्र त्या अभ्यासाने खोटे ठरलेले नाही. दुसरीकडे, नियंत्रक व महालेखापरीक्षकांच्या २०१८मध्ये विधानसभेत मांडलेल्या अहवालाने या पुराला मानवनिर्मित आपत्ती म्हटले. तेथील ‘मानव’ धोरण आखणारा आणि धरण चालवणारा होता.

‘कावळा बसायला आणि फांदी तुटायला’ ही म्हण मराठी वाचकांना सांगायला नको. संस्कृतात तोच काकतालीय न्याय. तमिळनाडूने २००३ साली प्रत्येक इमारतीला पर्जन्यजल संकलन सक्तीचे केले. पुढे विहिरींची पातळी वाढली आणि श्रेय योजनेला मिळाले. परंतु २००५च्या अखेरीस चेन्नईत अतिवृष्टी झाली होती. योजना उपयुक्त आहे, असे मलाही वाटते. पण तिचे यश मोजायचे तर टंचाईच्या वर्षात संकलन असलेल्या आणि नसलेल्या विहिरींची तुलना हवी. भरघोस पावसाच्या वर्षातील पातळी हा त्याचा पुरावा नव्हे.

याची उलट बाजू डिसेंबर २०२३मध्ये मिचाँग चक्रीवादळाच्या वेळी दिसली. सुमारे चार हजार कोटींच्या पर्जन्यजलवाहिन्यांनंतरही शहर बुडाले. विरोधक म्हणाले, सगळा पैसा पाण्यात गेला. सत्ताधारी म्हणाले, कामे झाली नसती तर याहून भयंकर झाले असते. दोन्ही विधाने तपासल्यावाचून सोडली गेली. कोणत्या भागात किती पाऊस झाला आणि पाणी किती तासांत ओसरले, हे २०१५शी ताडून पाहणे शक्य होते. त्याऐवजी ‘तुमच्या राजवटीत काय झाले?’ हा प्रश्न पुढे आला. २०१५मध्ये अण्णाद्रमुक सत्तेत होता, २०२३मध्ये द्रमुक. खुर्च्या बदलल्या, संवाद तेच राहिले. दुसऱ्याचे पाप मोठे ठरल्याने आपले पुण्य सिद्ध होत नाही.

‘शंभर वर्षांतून एकदा येणारा पूर’ हा शब्दप्रयोगही असाच फसवा. ऐकणाऱ्याला वाटते, आता शतकभराची निश्चिंती. प्रत्यक्षात त्याचा अर्थ दर वर्षी एक टक्का शक्यता एवढाच. तीस वर्षांच्या गृहकर्जाच्या काळात असा पूर निदान एकदा येण्याची शक्यता सुमारे २६ टक्के, म्हणजे चारांत एक भरते. आकडा तोच, पण असे सांगितले तर घर घेणारा दोनदा विचार करील.

पण माझ्या मते सर्वांत महागात पडलेला हेत्वाभास ‘अतिक्रमण’ या एका शब्दात दडलेला आहे. युक्तिवाद असा : अतिक्रमणांमुळे पूर येतो, झोपड्या अतिक्रमण आहेत, म्हणून झोपड्या हटवा. पहिल्या वाक्यात या शब्दाचा अर्थ ‘पाण्याच्या वाटेतील प्रत्येक अडथळा’ असा आहे. दुसऱ्यात तो ‘कागदपत्र नसलेले घर’ एवढाच उरतो. इतिहासाचा विद्यार्थी म्हणून सांगतो, आजचे गजबजलेले टी. नगर १९२०च्या दशकापासून लाँग टँक नावाचा विस्तीर्ण तलाव आटवून सरकारनेच वसवले. बकिंगहॅम कालव्यात उन्नत रेल्वेचे खांब उभे आहेत. विमानतळाची दुसरी धावपट्टी अडयारवरून जाते. पळ्ळिकरणै दलदलीच्या मोठ्या भागावर कचराभूमी, संस्था आणि माहिती-तंत्रज्ञान कंपन्यांच्या इमारती आल्या. उरलेल्या दलदलीला २०२२मध्ये रामसर दर्जा मिळाला. या बांधकामांपैकी बहुतेकांकडे परवानगी आहे. पाणी मात्र परवानगी वाचत नाही.

२०१५नंतर अडयारकाठच्या हजारो कुटुंबांना वीस-पंचवीस किलोमीटरवरील पेरुंबाक्कमच्या बहुमजली वसाहतीत हलवण्यात आले. रोजगार आणि शाळा मागे राहिल्या. पुरापासून वाचवण्यासाठी हलवले, हे त्यांना सांगितलेले कारण. पेरुंबाक्कम त्याच पळ्ळिकरणै दलदलीच्या काठावर आहे आणि तिथेही पाणी भरते.

इथे एक सावधगिरी आवश्यक आहे. युक्तिवाद सदोष निघाला म्हणजे निष्कर्ष खोटा ठरला, असे मानणे हाही दोषच आहे. २०२०पर्यंत चेन्नईसह २१ शहरांचे भूजल संपेल, हे भाकीत नीती आयोगाच्या २०१८च्या अहवालाच्या हवाल्याने वर्षभर सर्वत्र छापले गेले. आयोगाने म्हटले, एवढाच त्याचा पुरावा. २०२० आले आणि गेले. भाकीत खरे ठरले नाही. म्हणून टंचाई काल्पनिक होती काय? जून २०१९मध्ये चेन्नईचे चारही प्रमुख जलाशय जवळजवळ कोरडे पडले आणि जुलैत जोलारपेट्टैहून पाण्याची रेल्वे आली. मिरजेहून लातूरला २०१६ साली गेलेली ‘जलदूत’ ज्यांनी पाहिली, त्यांना त्याचा अर्थ वेगळा सांगण्याची गरज नाही.

यावर उपाय साधे आहेत. तलावांतील आवक आणि विसर्ग यांचे तासागणिक आकडे पुराच्या काळातच जाहीर व्हावेत. चौकशी अहवालात प्रत्येक कारणासमोर ‘हे नसते तर पातळी किती राहिली असती?’ याचा अंदाज असावा. अतिक्रमणांची यादी पाण्याच्या वाटेवरून करावी, मालकाच्या ऐपतीवरून नव्हे. सरकारी इमारतींनाही त्या यादीत जागा असावी. आणि नागरिकांनी प्रत्येक दाव्याला तीन प्रश्न विचारावेत : हे कशावरून? याखेरीज दुसरे कारण संभवते का? आणि हे मान्य केले तर किंमत कोण मोजणार? पेरुंबाक्कमला पाठवलेल्या कुटुंबांसाठी तिसरा प्रश्न वेळेवर कोणी विचारला नाही.

(लेखक चेन्नईस्थित निवृत्त सनदी अधिकारी आहेत.)