पेटीतला चित्रपट, किल्लीतला चित्रपट

अडीच तासांचा चित्रपट म्हणजे साधारण साडेतेरा हजार फूट फिल्म. सेकंदाला 24 चित्रं, एका फुटात 16. हिशेब करून पाहा. ती रिळांवर गुंडाळून पत्र्याच्या पेट्यांतून गावोगाव जायची. आमच्या शाहूपुरीजवळच एसटी स्टँड. टपावर चढणाऱ्या त्या पेट्या मी लहानपणी पाहिल्या आहेत. प्रिंट महाग, म्हणून मराठी निर्माता मोजक्याच काढायचा. त्या आधी शहरात, मग तालुक्याला, शेवटी जत्रेतल्या तंबूत. तोवर फिल्मवर ओरखडे उठलेले, तुटका भाग जोडताना गाण्याचं कडवंही गेलेलं. ईदला मामूंच्या गावी पाहिलेल्या एका चित्रपटाचा शेवट मला कितीतरी वर्षांनी कळला.

2005च्या सुमारास उपग्रहावरून थिएटरात चित्रपट पोचवण्याची सोय आपल्याकडे आली. चित्रपट सर्व्हरमध्ये कुलूपबंद उतरतो आणि ठरलेल्या खेळांपुरती किल्ली मिळते. गडहिंग्लजला आणि मुंबईला एकाच शुक्रवारी! मराठी चित्रपटाला याचा मोठा आधार झाला. 2016 नंतर डेटा स्वस्त झाला आणि पडदा खिशातच आला.

पण ही किल्ली कायम दुसऱ्याच्या हातात. पैसे भरून आपण घेतो ती पाहण्याची परवानगी. करार संपला की फोनवरचा चित्रपट नाहीसा होतो. घरात व्हीसीडी होती तेव्हा निदान तबकडी तरी आपली होती.

चित्रपट नाहीसा होणं कोल्हापूरला नवं नाही. बाबूराव पेंटरांनी इथं कॅमेराही स्वतः घडवला, 1920 साली ‘सैरंध्री’ काढला, 1925 साली ‘सावकारी पाश’. हे मूकपट आज पाहायला मिळत नाहीत. ‘प्रभात’नं इथंच काढलेला 1932चा ‘अयोध्येचा राजा’ मात्र वाचला. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं राहिलं ते 1964 साली. तोवर बरंच हातचं गेलं होतं.

फिल्म थंड, कोरड्या जागी ठेवली तर अनेक दशकं टिकते. हार्डडिस्क कपाटात नुसती पडून राहिली तर काही वर्षांनी सुरू होईलच याचा भरवसा नाही. दर थोड्या वर्षांनी नव्या डिस्कवर प्रत करावी लागते, तीही एक नव्हे, दोन-तीन, वेगवेगळ्या जागी. (कवीचं बरं असतं, वही सापडली की कविता सापडते.) मोठ्या कंपन्या हे करतील. एकच चित्रपट काढून पुन्हा उसाकडे वळलेल्या आमच्याकडच्या निर्मात्यानं काय करावं? अशा एकाला मी विचारलं, तर म्हणाला, “डिस्क एडिटिंगवाल्याकडं असंल की.” एडिटिंगवाल्यानं दुकान बंद करून चार वर्षं झाली आहेत.