दोन आडव्या रेघा काय म्हणतात?

चौथी-पाचवीच्या वर्गात फळ्यावर एवढेच लिहून पाहा : ८ + ४ = ☐ + ५. चौकटीत कोणती संख्या येईल? आपण ७ म्हणू. बरीच मुले १२ लिहितात. काही जण पुढचे पाचही मिळवून १७ सांगतात. ही मुले बेरजेत कच्ची आहेत असे मुळीच नाही. आठ नि चार बारा हे त्यांना पक्के ठाऊक आहे. चुकते ते त्या दोन आडव्या रेघांचे वाचन. 'इथवरचे गणित करा आणि उत्तर पुढे लिहा' असा त्यांचा अर्थ मुलांनी धरलेला असतो.

आणि का धरू नये? पहिलीपासून पाहिलेल्या जवळजवळ प्रत्येक गणितात हे चिन्ह उत्तराच्या अगदी आधी येते. गणकयंत्रावर ते बटण दाबले की उत्तर उमटते. त्यात आपली भाषाही भर घालते. 'आठ अधिक चार बरोबर बारा' असे आपण वाचतो आणि वही तपासताना शेराही 'बरोबर' असाच देतो. 'समान' आणि 'अचूक' या दोन्ही अर्थांनी एकच शब्द मुलांच्या कानावर पडत राहतो. (आईबरोबर बाजारात जाणे आणखी वेगळे!)

हे चिन्ह प्रथम छापले गेले ते १५५७ साली, इंग्लंडमध्ये. वेल्समध्ये जन्मलेले वैद्य व गणितज्ञ रॉबर्ट रेकॉर्ड यांना 'च्या समान आहे' हे शब्द पुन्हा पुन्हा लिहिण्याचा कंटाळा आला होता. त्यांनी एकाच लांबीच्या दोन समांतर रेघा निवडल्या. यांहून अधिक सारख्या दोन गोष्टी असूच शकत नाहीत, असे कारण दिले. म्हणजे चिन्हाच्या जन्मात 'उत्तर द्या' ही आज्ञा नव्हती, दोन बाजू सारख्या असल्याचे विधान होते. तरी ते लगेच सर्वमान्य झाले नाही. देकार्त यांनी १६३७ मध्ये भूमितीवरील ग्रंथात दुसरेच चिन्ह वापरले.

पण सारखे म्हणजे काय सारखे? ८ + ४ आणि ७ + ५ दिसायला तर वेगळे आहेत. जर्मन तर्कशास्त्रज्ञ गॉटलोब फ्रेगे यांनी १८९२ साली या प्रश्नाचा विचार केला. 'पहाटेचा तारा म्हणजे पहाटेचा तारा' या वाक्यातून नवे काहीच कळत नाही. 'पहाटेचा तारा म्हणजे सायंकाळचा तारा' हा मात्र खगोलशास्त्राचा शोध आहे. (मराठीत आपण दोन्ही वेळा 'शुक्राची चांदणी' म्हणतो, त्यामुळे यातले नवल आपल्या चटकन लक्षात येत नाही.) वस्तू एकच, तिच्याकडे नेणाऱ्या वाटा दोन. ८ + ४ आणि ७ + ५ या बारापर्यंत नेणाऱ्या दोन वाटाच आहेत.

संगणक आला आणि या चिन्हाला नवे काम लागले. १९५७ च्या फोरट्रान भाषेत क = क + १ असे लिहिता येते. बीजगणितात हे अशक्य आहे. संगणकाला मात्र ती आज्ञा वाटते : क या खणात असलेल्या संख्येत एक मिळवून ती पुन्हा त्याच खणात ठेव. हा घोळ टाळण्यासाठी अल्गोल आणि पास्कल या भाषांनी ':=' हे वेगळे चिन्ह घेतले. सी भाषेत एक '=' म्हणजे 'ठेव' आणि दोन '==' म्हणजे 'समान आहे का?'.

एका रेघजोडीचा हा फरक किती महाग पडू शकतो? नोव्हेंबर २००३ मध्ये लिनक्स या संगणक-प्रणालीच्या मजकुराच्या एका प्रतीत कोणीतरी गुपचूप दोन ओळी घुसडल्या. वरवर पाहता त्यांत 'वापरणाऱ्याचा क्रमांक शून्य आहे का?' अशी साधी तपासणी होती. पण '==' च्या जागी '=' होते. त्यामुळे तपासणी न होता वापरणाऱ्याला शून्य क्रमांक मिळाला असता, आणि त्या प्रणालीत शून्य क्रमांकाला सर्व अधिकार असतात. मूळ नोंदींशी ती प्रत जुळेना, म्हणून हे वेळीच उघडकीस आले.

आता पुन्हा वर्गात येऊ. ३, ४, ५ आणि ६ ची बेरीज करताना एखादी मुलगी लिहिते : ३ + ४ = ७ + ५ = १२ + ६ = १८. उत्तर अचूक, पण लिहिलेले विधान ३ + ४ आणि १८ समान असल्याचे सांगते. तिने '=' चा अर्थ फोरट्रानसारखा लावला आहे : आतापर्यंतची बेरीज घे, पुढे चल. तिला नुसती फुली मिळाली, तर काय चुकले ते कळणार नाही; आणि हाच अर्थ घेऊन ती समीकरणांकडे गेली, तर २क + ३ = क + ७ तिला निरर्थक वाटेल. फुलीऐवजी तिला काही विधाने द्यावीत आणि खरे की खोटे ते विचारावे : १२ = ८ + ४. ७ = ७. ५ + ३ = ३ + ५. ६ + २ = ८ + १. पहिल्या विधानाला 'हे उलटे लिहिलंय' म्हणणारी मुले हमखास निघतात. त्यांनाच आधी बोलू द्यावे.