नऊ शेपट्यांची ‘ती’

कोरियाची गुमिहो, जपानची कित्सुने, चीनची हुली जिंग. दिसायला सुंदर, वागायला गोड, आणि मागे लपवलेली शेपटी! या बायका आपल्या हडळीच्या कोण लागतात?

रात्रीचे साडेअकरा वाजून गेलेत. चाकणची सेकंड शिफ्ट सुटलीय आणि मोशीच्या सोसायट्यांसमोर कंपनीच्या बसेस थांबतायत. दमून आलेली मंडळी सरळ झोपतील असं वाटत असेल तर विसरा. जेवणाचं ताट हातात आणि समोर के-ड्रामा, हा आता कित्येक फ्लॅट्समधला रोजचा सीन आहे. शिवाय कोरिया आता फक्त स्क्रीनवर राहिलेला नाही. रांजणगावला एलजी आहे, आणि तळेगावचा जनरल मोटर्सचा प्लांट घेण्याचा करार ह्युंदाईने २०२३ मध्ये केला. म्हणजे ज्यांच्यासोबत आपण मीटिंगला बसतो, त्यांच्या आजीच्या गोष्टी माहीत असायला हरकत नाही!

त्या गोष्टींची सुपरस्टार म्हणजे गुमिहो. ‘गु’ म्हणजे नऊ, ‘मि’ म्हणजे शेपूट आणि ‘हो’ म्हणजे कोल्हा. हजार वर्षं जगलेली कोल्ही सुंदर तरुणीचं रूप घेते, पुरुषाला भुलवते आणि त्याचं काळीज खाते. तिला माणूस व्हायचं असतं, पण ऐनवेळी नवरा दिलेला शब्द मोडतो आणि सगळं फिसकटतं. ‘कोल्ही बहीण’ नावाची कोरियन लोककथा तर अंगावर काटा आणते. मुलगे असलेलं एक जोडपं मुलीसाठी नवस करतं. मुलगी होते, लाडाची. मग रात्री एकेक गुरं मरायला लागतात. एक भाऊ पाळत ठेवतो, खरं काय ते वडिलांना सांगतो आणि स्वतःच घराबाहेर काढला जातो. काही वर्षांनी परत येतो तेव्हा घरात फक्त बहीण उरलेली असते.

मूळ गाव चीन

नऊ शेपट्यांचा कोल्हा सगळ्यात आधी भेटतो तो ‘शान हाय जिंग’ या प्राचीन चिनी ग्रंथात. गंमत म्हणजे हान राजवटीत हा प्राणी चक्क शुभ मानला जायचा. पुढे त्याची इमेज बिघडली. शांग घराणं बुडालं त्याचं खापर दाजी नावाच्या राणीवर फुटलं. मिंग काळातल्या कादंबरीने तर ती माणूसच नव्हती, कोल्ही होती असं सांगून टाकलं. राजाने राज्य घालवलं आणि बदनाम झाली बायको. ओळखीची स्टोरी वाटतेय ना?

जपानी मंडळींनी या कथेचा सीक्वल काढला. त्यांच्या तामामो-नो-माएच्या दंतकथेत हीच कोल्ही चीनमधून निसटते, भारतात येऊन मगधाच्या राजपुत्राला नादी लावते आणि शेवटी जपानच्या सम्राटाच्या दरबारात पोचते. तो राजपुत्र म्हणजे आपल्या पुराणकथांमधला कल्माषपाद. तिथे मारली गेल्यावर तिचा दगड झाला म्हणतात. नासुमधला तो दगड मार्च २०२२ मध्ये दुभंगला, तेव्हा ‘कोल्ही सुटली’ म्हणून इंटरनेटवर एकच धमाल उडाली.

पण कित्सुने नेहमी व्हिलन नसते. एका जुन्या जपानी कथेत बायको कोल्ही आहे हे कुत्र्यामुळे उघड होतं. ती पळून जाते, तरी नवरा म्हणतो, तू येत जा, इथेच झोपत जा. ‘कित्सुने’ हा शब्दच त्यावरून आला, असं ती कथा सांगते. आणि ऊन-पाऊस एकत्र आला की आपण लहानपणी काय म्हणायचो? कोल्ह्याचं लग्न! जपानी मुलंही हेच म्हणतात, आणि कोरियन भाषेत अशा सरीला ‘कोल्हापाऊस’ म्हणतात.

डाकिनी गेली जपानला

आता खरा ट्विस्ट. आपल्याकडच्या तंत्रपरंपरेत डाकिनी आहे आणि तिच्या आसपास स्मशानातले कोल्हे. हा कोल्हा म्हणजे इंग्रजीतला ‘जॅकल’ बरं का. ‘फॉक्स’ला आपल्याकडे खोकड म्हणतात. बौद्ध ग्रंथ चीनमार्गे जपानला गेले. तिथे आपला कोल्हा कोणी पाहिलेला नव्हता, त्यामुळे त्याच्या जागी फॉक्स आला. डाकिनी झाली ‘डाकिनी-तेन’, पांढऱ्या कोल्ह्यावर बसणारी देवी. तोयोकावा इनारी या मंदिरात आजही तिची पूजा होते.

आणि तोच शब्द आपल्याकडे? डाकीण! नंदुरबारच्या सातपुड्यात हा शब्द एखाद्या बाईच्या कपाळी लागला की तिला मारहाण होते, गावातून हाकललं जातं. घरात कोणी आजारी पडलं, गाय मेली, किंवा एकट्या बाईच्या जमिनीवर डोळा असला, की कारण पुरतं. जपानही यातून सुटला नव्हता. शिमानेच्या इझुमो भागात काही घराणी ‘कोल्हे पाळणारी’ म्हणून ओळखली जायची आणि त्यांच्याशी सोयरीक करायला लोक नकार द्यायचे. स्थळ चांगलं, शिक्षण चांगलं, पण घरात म्हणे कोल्हा आहे!

महाराष्ट्राने २०१३ मध्ये जादूटोणाविरोधी कायदा केला. त्यासाठी आयुष्य वेचणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा त्याच वर्षी २० ऑगस्टला पुण्यात खून झाला आणि चारच दिवसांत अध्यादेश निघाला. एखाद्याला करणी करणारा ठरवून त्याचं जगणं मुश्किल करणं हा आता गुन्हा आहे. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत.

शेपटी दिसली की संपलं

हडळीचे पाय उलटे, गुमिहोला शेपटी. बाई ‘आपल्यातली’ नाही हे ओळखण्याची खूण दोन्हीकडे तयार ठेवलेली. कोरियात धूर्त बाईला आजही ‘यॉउ’, म्हणजे कोल्ही, म्हणतात. आपल्या कॅन्टीनमध्ये एखादीला लवकर प्रमोशन मिळालं की शब्द वेगळे निघतात, सूर मात्र तोच असतो.

कोरियन टीव्हीने मात्र गोष्ट बदलून दाखवली. २०१० च्या ‘माय गर्लफ्रेंड इज अ गुमिहो’मध्ये ती काळजाऐवजी बीफवर तुटून पडणारी निरागस प्रेयसी झाली. २०२० च्या ‘टेल ऑफ द नाईन टेल्ड’मध्ये तर नऊ शेपट्या चक्क हीरोला मिळाल्या. आपल्या हडळीला असा रोल अजून मिळायचाय.

तेव्हा लंचला कोणी कोरियन कलीग शेजारी बसला, तर त्याला गुमिहोबद्दल जरूर विचारा. बदल्यात त्याला हडळीची गोष्ट सांगा. उलट्या पायांचं सांगायला विसरू नका!